चुलीजवळची दुसरी खुर्ची

आईने पाण्यात हात बुडवला आणि तव्यावरच्या तोर्तियावरून, म्हणजे तिकडच्या मक्याच्या भाकरीवरून, फिरवायला नेला, तेवढ्यात दोन्या सोलेदादने चुलीपलीकडून तिचं मनगट धरलं.

"नो, नो," ती म्हणाली आणि पुढे स्पॅनिशमध्ये बरंच काही. ते तिच्या मुलीने, इर्माने, इंग्रजीत सांगितलं आणि मी मराठीत.

"आई, पाणी लावू नको म्हणतायत. मातीचा तवा आहे, ओलं लागलं तर तडकेल."

"आगं बया. हाताला सवयच हाय गं," आई म्हणाली. "पाणी लावल्याबिगर हात मागं येतच न्हाई. सांग तिला, तवा न्हाई फोडत तुझा म्हणावं."

मी सांगितलं, इर्माने सांगितलं, आणि दोन्या सोलेदाद हसली. पण आईचं मनगट तिने लगेच सोडलं नाही. हात उलटा करून तळवा पाहिला, बोटांची टोकं पाहिली, मग परत दिला. मला वाटलं, भाजलं का ते बघते आहे.

या गोष्टीला आता चौदा वर्षं झाली. आम्ही तेव्हा ह्यूस्टनला राहत होतो आणि आई पहिल्यांदाच माझ्याकडे आली होती. नवऱ्याचं आठवडाभर मेक्सिको सिटीत काम निघालं, तेव्हा आम्ही दोघीही सोबत गेलो आणि तिथून चार दिवस दक्षिणेतल्या वाहाका शहरात. दोन दिवसांत आईने इतकी चर्चं पाहिली की तिसऱ्या दिवशी ती म्हणाली, "ह्यो देव सगळीकडं एकच हाय, मग रोज कशाला उठवायचा त्याला?" हॉटेलच्या काउंटरवर स्वयंपाकाच्या वर्गाचं एक पत्रक पडलेलं होतं. सकाळी बाजार, मग एका बाईच्या घरी प्रत्यक्ष चुलीवर शिकायचं, दुपारी तिथेच जेवायचं. म्हटलं, हे आईला आवडेल.

दोन्या म्हणजे आपल्याकडे नावापुढे 'बाई' लावतात तसं. सोलेदादबाई साठीच्या, बुटक्या, दोन वेण्या पाठीवर एकमेकींना बांधलेल्या. अंगणाच्या एका बाजूला पत्र्याखाली चूल, तिच्यावर चुन्याचं पाणी फासलेला मातीचा मोठा तवा, बाजूला तीन पायांचा दगडी पाटा आणि चुलीशी दोन बुटक्या लाकडी खुर्च्या. मका चुन्याच्या पाण्यात उकळून रात्रभर ठेवतात आणि मग वाटतात हे ऐकून आईचा विश्वास बसेना. "चुना? पानाला लावत्यात त्यो?" तिने चिमूटभर पीठ तोंडात टाकून पाहिलं आणि मान डोलावली. मिरच्या, तीळ आणि लवंगा काळपट होईपर्यंत भाजून वाटायला घेतल्या, तेव्हा तर तिने मला कोपराने ढोसलंच. "आपलं काळं तिखटच की गं हे. एवढ्या लांब कशाला आलो मग?"

वर्गात आम्ही पाच जण होतो. कॅनडाचं एक वयस्कर जोडपं, त्यांचा या गोष्टीशी काही संबंध नाही. आणि वसंता. वसंता मूळची चेन्नईची, आता डॅलसची. नवरा हृदयाचा डॉक्टर, तो त्या दिवशी गोल्फ खेळायला गेला होता. कानात मोत्यांची कुडी, अंगात साधाच पण पाहताक्षणी भारी वाटणारा कुडता. बाजारात टोमॅटो निवडतानाच आमची गट्टी जमली होती. ती माझ्या आईला 'आंटी' म्हणत होती, तिच्या पिशव्या उचलत होती. बाई स्वभावाने चांगली होती. हे मुद्दाम सांगते, नाहीतर तुम्ही दोष तिच्यावर टाकाल.

"आमच्या घरी ना, पोन्नी होती," पिठाचा गोळा लाकडी दाबणीत ठेवत वसंता मला इंग्रजीत म्हणाली. "आमची स्वयंपाकीण. ती असती तर तिने डोळे मिटून हे केलं असतं. मी आयुष्यात पीठ मळलं नाही. तुमच्याकडे कोण होतं?"

"आमच्याकडे?" मी म्हणाले. "असंच. येऊन जाऊन कोणीतरी."

आमच्याकडे कोण होतं ते माझ्या शेजारीच उभं होतं. मी सहा वर्षांची असताना वडील गेले आणि आईने बार्शीत लोकांकडे स्वयंपाक धरला. सकाळी वकिलांच्यात, मग दोन व्यापाऱ्यांच्यात, संध्याकाळी डॉक्टरांच्यात. तीस वर्षं. ज्वारीची भाकरी ही तिची खासियत. हातावर थापायची, पौर्णिमेच्या चंद्रासारखी वगैरे नाही म्हणत मी, पण एकीवर दुसरी ठेवली तर कड बाहेर येत नसे. आईला या कामाची कधी लाज वाटली नाही. लाज मला वाटायची. शाळेच्या फाटकाशी उभी राहून ती सगळ्या वर्गाला ऐकू जाईल अशा आवाजात ओरडायची, "वैजे, डॉक्टरांच्यातलं उरकून येते, तवर घरी जाऊन बस." एसटीत शेजारी कोण बसलं की तिकीट काढायच्या आत तिने आपला सगळा इतिहास सांगितलेला असायचा. विमानातसुद्धा हवाई सुंदरीने जेवणाचं ताट ठेवलं, तर आईने मला सांगितलं, "तिला म्हणावं, मीबी ह्याच धंद्यातली." मी तिला फक्त 'थँक्यू' म्हटलं. आईचा स्वभाव असा आणि माझा झाकली मूठ सव्वा लाखाची असा.

लग्नाच्या वेळी सासरच्या नातेवाइकांनी विचारलं तेव्हा मी 'आई शाळेत होती' एवढंच सांगितलं होतं. शेवटची काही वर्षं ती शाळेत मुलांची खिचडी शिजवायची, त्यामुळे वाक्य खरं होतं. आईला ते कळलं तेव्हा ती खो खो हसली होती. "व्हतेच की शाळेत. पातेल्यापाशी." त्या हसण्याने मी निर्ढावले असावे.

तर त्या चुलीपाशी. आम्ही सगळे दाबणीत गोळे दाबून नकाशे काढत होतो. आईने दाबणी एकदा वापरून पाहिली आणि बाजूला सारली. गोळा दोन्ही हातांत घेतला आणि थापायला लागली. पहिल्या दोन जरा जाड झाल्या, पीठ ओळखीचं नव्हतं ना. तिसरीपासून हात बसला. मग तिचं ते सुरू झालं, जे मी लहानपणापासून पाहत आले होते आणि म्हणून कधी पाहिलंच नव्हतं. एक तव्यावर, एक हातात, पुढचा गोळा डाव्या बाजूला मळून तयार. तव्याकडे न बघता वासावरून उलटायची, तीही नुसत्या बोटांनी. आमच्या पाच होईपर्यंत तिच्या वीस झाल्या. कॅनडाच्या आजोबांनी फोटो काढले.

दोन्या सोलेदाद हातातलं वाटण सोडून चुलीशी येऊन उभी राहिली होती. तिने बराच वेळ पाहिलं. मग इर्माला हळू आवाजात काही विचारलं.

इर्मा माझ्याकडे वळली. "आई विचारते आहे, तुमच्या आईने दुसऱ्यांच्या घरी स्वयंपाक केलाय का? म्हणजे काम म्हणून?"

"अय्यो, काय प्रश्न," वसंता हसून म्हणाली.

मला वाटलं, एवढ्या लांब, परक्या मुलखात, आईची साडी, तिचे तळवे, तिचं बसणं बघून या बाईनेसुद्धा ओळखलं. म्हणजे कपाळावर लिहिलेलंच आहे. खाई त्याला खवखवे, दुसरं काय.

"नाही," मी म्हणाले. आईला विचारलंसुद्धा नाही.

"काय म्हणली गं ती?" आईने हात न थांबवता विचारलं.

"तुझा हात चांगला आहे म्हणते."

आईचा चेहरा असा खुलला की आजही तो आठवला की मला दुसरीकडे बघावंसं वाटतं. "मग सांग की तिला. तीस वर्सं लोकांच्यात थापल्यात म्हणावं. घरच्या चार माणसांचं करून असा हात व्हत न्हाई. दिवसाला दीड-दोनशे व्हायच्या, सणाला तर मोजदादच न्हाई. सांग सगळं."

इर्मा माझ्याकडे बघत होती. वसंताही. दोन्या सोलेदाद मात्र आईकडेच बघत होती.

"ती म्हणते, थँक्यू," मी इंग्रजीत म्हणाले. "स्वयंपाक तिची हौस आहे. ती टीचर होती. फर्स्ट टू फोर्थ."

आईला इंग्रजी येत नाही. पण टीचर हा शब्द बार्शीत कोणाला येत नाही? तिच्या हातांचा आवाज थांबला. अर्धवट थापलेली ती तोर्तिया तिने तळव्यावर तशीच धरली आणि माझ्याकडे पाहिलं. रागाने नाही. शाळेत एखाद्या मुलाने पाढा चुकावा आणि बाईंनी परत म्हणायची संधी द्यावी, तसं.

मी परत म्हटलं नाही. ओढणीला लागलेलं पीठ झटकत बसले.

"ओह, टीचर! आंटी, विच सब्जेक्ट?" वसंताने थेट आईलाच विचारलं, प्रेमाने, सावकाश.

आईने मान खाली घातली. तोर्तिया तव्यावर टाकली. म्हणाली, "ऑल."

आयुष्यभर एसटीतल्या परक्या माणसालाही खरं सांगणारी माझी आई, माझ्यासाठी, ज्या भाषेतले चारदोन शब्दच तिला येत होते त्या भाषेत खोटं बोलली. मला तेव्हा काय वाटलं ते सांगायला हवं. मला वाटलं, सुटले.

इर्माने ते आपल्या आईला सांगितलं. दोन्या सोलेदादने एकदा आईच्या हातांकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे, खांदे उडवले आणि वाटणाकडे परत गेली. त्यानंतर आईने फक्त दोन तोर्तिया केल्या. मग हात धुतले आणि म्हणाली, "तुमी करा आता. मी बघते."

जेवायला अंगणात लांब टेबल मांडलं होतं, त्यावर भरतकामाचा पांढरा कपडा, मातीची ताटं, फुलं. आम्ही पाचही जण बसलो. इर्मा वाढत होती. दोन्या सोलेदाद टेबलाशी आली नाही. ती चुलीजवळ एका बुटक्या खुर्चीवर बसली, ताट मांडीवर घेऊन. दुसरी खुर्ची तिच्यासमोर रिकामी होती.

"तुमची आई आमच्याबरोबर नाही बसत?" वसंताने विचारलं.

इर्माने वाढायचं भांडं खाली ठेवलं. हे तिला सांगायला आवडत असावं. "नाही. माझ्या आईने राजधानीत सत्तावीस वर्षं लोकांच्या घरी स्वयंपाक केला. मी लहान होते, आजीकडे राहायचे. तिथे ती सगळ्यांचं झाल्यावर, उभ्यानेच जेवायची. स्वतःचं घर झालं तेव्हा तिने दोन खुर्च्या करून घेतल्या. एक तिची. दुसरी अशा बाईची, जिने परक्यांच्या चुलीवर आयुष्य काढलंय. तशी कोणी आली की ती पाहुण्यांच्या टेबलावर बसत नाही, आईसमोर बसते. तव्यावरची पहिली तोर्तिया तिला, आईच्या हातून. मग आम्हाला." ती माझ्याकडे बघून थोडी संकोचून हसली. "म्हणून तिने मघाशी विचारलं. तिला अगदी खात्री होती. म्हणाली, हे हात मला कळतात. आजवर कधी चुकले नाही मी, म्हणे. तुम्ही वाईट वाटून घेऊ नका."

"छे, छे," मी म्हणाले.

हिची आई आणि माझी आई. हिने आपल्या आईचं बोलणं सकाळपासून एका भाषेतून दुसरीत जसंच्या तसं नेलं होतं. 'लोकांच्या घरी स्वयंपाक केला' हे वाक्य ती अशी म्हणाली की जणू घरात कोणी राज्यपाल होऊन गेलं होतं.

अजून वेळ होता. खुर्ची सात-आठ पावलांवर होती. मला एवढंच करायचं होतं, उठून म्हणायचं, माझं चुकलं, मी खोटं बोलले, ती खुर्ची माझ्या आईची आहे. वसंताने भुवया उंचावल्या असत्या. कदाचित तेवढ्याही नाही. कॅनडाच्या आजींनी टाळ्या वाजवल्या असत्या. मी मनात इंग्रजी वाक्य जुळवलंसुद्धा, आणि मग पाणी प्यायले.

"ती बाई एकटीच का बसली तितं?" आईने विचारलं.

"त्यांच्याकडे तशी पद्धत आहे."

"कसली पद्धत? रांधलं तिनं आन् जेवती कोपऱ्यात? मी लई जेवले तशी." आईने खुर्ची मागे सरकवली. "बोलव तिला हितं. न्हाईतर मी जाते तिच्याजवळ. ती बघ, रिकामी हाय की खुर्ची."

ती उठायला लागली. मी टेबलाखालून तिचं मनगट धरलं. सकाळी दोन्या सोलेदादने धरलं होतं तेच.

"बस, आई," मी म्हणाले. "आपण पाहुणे आहोत. बरं दिसत नाही."

ती बसली. मी सांगितलं म्हणून बसली. समोरचं ताट तिने नीट संपवलं, कारण अन्न टाकणं तिला ठाऊक नाही, पण कशालाच चांगलं-वाईट म्हटलं नाही. एरवी ती परक्याच्या घरचं मीठसुद्धा तोलायची.

निघताना दोन्या सोलेदाद फाटकापर्यंत आली. सगळ्यांना तिने गालाला गाल लावून निरोप दिला. आईपाशी आली तेव्हा तिने आपली बाही कोपरापर्यंत वर केली. मनगटाच्या आतल्या बाजूला तव्याच्या कडेने भाजल्याचे डाग होते, जुने, पांढरट, एकाखाली एक. आईने आपली बांगडी मागे सारली. तसेच डाग. दोघी क्षणभर हात शेजारी धरून उभ्या राहिल्या आणि हसल्या. मग दोन्या सोलेदादने माझ्याकडे पाहिलं. ती काही बोलली नाही, त्यामुळे इर्माला आणि मला काही काम उरलं नाही.

हॉटेलवर जाताना टॅक्सीत आई खिडकीतून बघत होती. मी म्हटलं, "आई, ते मी मघाशी..."

"असू दे," ती म्हणाली. "तुझी माणसं हायेत. तुला राहायचंय त्यांच्यात."

वसंता माझी कोण होती? तिचा फोन नंबर मी घेतला होता. एकदाही लावला नाही.

ती दुसरी खुर्ची कोणासाठी होती हे मी आईला त्या दिवशी सांगितलं नाही, आणि नंतरही नाही. सांगायचं तर त्याच्या आधीचंही सांगावं लागलं असतं. आईने तो विषय पुन्हा काढला नाही. फक्त ह्यूस्टनला परतल्यावर आमच्याकडे कोणी जेवायला आलं की ती भाकरी करत नसे. गुडघे दुखतात म्हणायची. भाकरी ओट्यापाशी उभं राहून करतात आणि भाजीही तशीच चिरतात. भाजीच्या वेळी गुडघे दुखत नसत. मला हे दिसत होतं.

गेल्या वर्षी मी बार्शीला गेले होते. आई आता अठ्ठ्याहत्तरची. तिच्या हातांना मुंग्या येतात, पेला धरवत नाही, म्हणून हाडांच्या डॉक्टरांकडे नेलं. बाहेरच्या खोलीत पंचवीसेक माणसं बसली होती. डॉक्टरांकडे पाठवण्याआधी एक सिस्टर सगळ्यांची माहिती कागदावर लिहून घेत होती.

"आजी, हातानं काय काम करत होता आयुष्यभर? डॉक्टरांना सांगावं लागतं."

हा प्रश्न एकेकाळी आईला विचारावाही लागत नसे. तिने तोंड उघडलं, मग माझ्याकडे पाहिलं. तेच बघणं, दोन्या सोलेदादच्या चुलीपाशी होतं ते. म्हटलं, तिचं तिला सांगू दे. तिच्या गावात, तिच्या भाषेत.

"शाळेत व्हते," आई म्हणाली.

"शिक्षिका का?"

आईने मान हलवली. हो म्हणून.

सिस्टर लिहायला लागली. मी उठून उभीच राहिले. "नाही," मी म्हणाले, आणि माझा आवाज मलाच मोठा वाटला. "ती स्वयंपाक करायची. लोकांच्या घरी. तीस वर्षं भाकऱ्या थापल्यात तिने. दिवसाला दीड-दोनशे. लिहा तसं."

खोलीतली माणसं आमच्याकडे बघायला लागली. आईने माझ्या ओढणीचं टोक धरून मला खाली ओढलं. त्या बोटांत आता जोर राहिलेला नाही, तरी ओढलं.

"हळू बोल की गं," ती म्हणाली. "माणसं बसल्यात."